एक स्टारच्या रिव्ह्यूला गेमिंग कॅफेच्या मालकाचं उत्तर

नमस्कार सर. रविवारी तुमचा हिरमोड झाला, त्याबद्दल मनापासून माफी मागतो.

पण ताशी ६० रुपये देऊन ‘अर्धा तास लॉन्चरचं अपडेट बघत बसलो’ (लॉन्चर म्हणजे गेम उघडून देणारा प्रोग्रॅम), असं तुम्ही लिहिलंय, ते तसं नाही हो. आमच्या वहीत वेळ टाकलेली असते. ५.१० ला तुम्ही बसलात, ५.२३ ला गेम सुरू झाला. तेरा मिनिटं. त्यातलं अपडेट पाचेक मिनिटांचं. बाकीचा वेळ तुमच्या अकाउंटचा ओटीपी तुमच्या भावाच्या मोबाइलवर जात होता आणि तो फोन उचलत नव्हता. तुमच्या फोनला रेंज नव्हती म्हणून मी माझ्या फोनवरून त्याला चार वेळा लावला. हे एका ओळीत लिहिलं असतंत तरी बरं वाटलं असतं.

त्या गेमचा एक लॉन्चर दुसरा लॉन्चर उघडतो आणि लॉगिन दोन्हीकडे लागतं. ते माझ्या हातात नाही. अवघड प्लॅटफॉर्म गेममध्ये, म्हणजे उड्या मारत पुढे जायच्या गेममध्ये, हे जास्तच टोचतं, मी स्वतः खेळतो म्हणून कळतं. ‘सेलेस्ट’मध्ये मेलात की पापणी लवायच्या आत पुन्हा त्याच स्क्रीनवर उभे, म्हणून शंभरदा मरूनही हात थांबत नाही. काठ सुटल्यावर उडी मारायला तिथे ०.१ सेकंद मिळतो, एवढा बारीक हिशोब. अशात कोपऱ्यात लॉन्चरची सूचना उगवली की नजर हलते, उडी गेली. तुमची तशीच गेली, मी मागेच उभा होतो.

‘शेजारचे क्रॅक (कुलूप तोडलेली फुकट कॉपी) टाकतात, तुम्हीही टाका’ हे मात्र लागलं. कॉपी प्रोटेक्शनचा, म्हणजे चोरटी कॉपी रोखणाऱ्या कुलपाचा, त्रास पैसे मोजणाऱ्यालाच होतो, हे मान्य. २०१७ मध्ये ‘सोनिक मेनिया’ पीसीवर आला तेव्हा त्यावर डेनुवो नावाचं असंच कुलूप होतं आणि सुरुवातीला तो नेटशिवाय चालतच नव्हता. तरी क्रॅक नाही. एकदा टाकला होता, व्हायरसने सहा मशीन फॉरमॅट करावी लागली, ऐन दिवाळीच्या सुट्टीत. त्या महिन्याचं भाडं उसनं घेऊन भरलंय.

आता अपडेट सकाळी शटर उघडायच्या आधी करून ठेवू, सूचनाही बंद केल्यात. गेम सुरू झाल्यावरच वेळ मोजायची, याचंही बघतोय. तुमची तेरा मिनिटं वहीत जमा केली आहेत, कधीही या. फक्त ओटीपीचा मोबाइल सोबत असू द्या.