जिम हेन्री आणि बार्बरशॉप: एका प्रतिक्रियेला सविस्तर उत्तर

प्रिय अनामिक,

जिम हेन्रींवरच्या लेखाखाली तुम्ही सविस्तर लिहिलंत. त्याला दोन ओळींत उत्तर देणं बरं दिसलं नसतं, म्हणून हे लांबण. तुमचे आक्षेप तीन. पियानोच्या पट्टीत कान तयार झालेल्या लोकांनी शुद्ध सुराच्या गोष्टी करू नयेत, आणि 'कॉर्ड (एकाच वेळी लावलेले अनेक सूर) वाजते' वगैरे सगळी भाबडी भक्ती आहे. दुसरा, चार गायकांच्या चौकडीला दिग्दर्शक लागत नाही, मग शंभर जणांपुढे हात हलवणाऱ्याचं एवढं कौतुक कशाला? तिसरा, पट्टेदार कोट घातलेल्या गोऱ्यांच्या करमणुकीला कृष्णवर्णीय उगम चिकटवणं ही आजची फॅशन आहे.

मूळ लेख न वाचलेल्यांसाठी: बार्बरशॉप म्हणजे चार आवाजांनी वाद्याशिवाय एकत्र गायची अमेरिकन शैली. चाल गातो तो लीड, त्याच्या वर टेनर, सगळ्यात खाली बास, आणि उरलेले स्वर भरतो तो बॅरिटोन. हेन्री हे अमेरिकेतल्या मिसुरी राज्यातले, सेंट लुईसचे बास गायक. बार्बरशॉप हार्मनी सोसायटीची आंतरराष्ट्रीय चौकडी स्पर्धा त्यांनी दोनदा जिंकली, १९९३ साली 'गॅस हाउस गँग'मधून आणि २००९ साली 'क्रॉसरोड्स'मधून. शेजारच्या सेंट चार्ल्समधल्या 'अँबॅसेडर्स ऑफ हार्मनी' या पुरुषवृंदाने त्यांच्या दिग्दर्शनाखाली २००४, २००९, २०१२ आणि २०१६ या वर्षी सुवर्णपदक मिळवलं. त्यातलं २००९ चं अधिवेशन अॅनाहाइमला झालं, आणि तिथे एकाच आठवड्यात चौकडीचं आणि वृंदाचं अशी दोन्ही पदकं त्यांच्याकडे आली. मिसुरी विद्यापीठाच्या सेंट लुईस शाखेत त्यांनी वृंदगान शिकवलं. २००० साली वॉशिंग्टन विद्यापीठाची पीएच.डी. मिळवली ती बार्बरशॉपच्या उगमावरच.

आता सूर. तुमच्या आक्षेपाचा पायाच चुकलाय असं मला वाटतं, कारण बार्बरशॉप वाद्याशिवाय गातात. पिच पाइपवर, म्हणजे सूर देणाऱ्या छोट्या शिट्टीवर, एक सूर घेतला की पाइप खिशात जातो. पुढे कान आणि शेजारी एवढंच हाताशी.

आकडे घेऊन बघू. बासने पांढरी सहाचा खरज धरला, ११० हर्ट्झ. बॅरिटोन पंचमावर, १६५. लीड वरच्या गंधारावर, २७५. टेनर त्याच्याही वर निषादावर, ३८५. हे २:३:५:७ असं सरळ प्रमाण आहे. पियानोवर हाच गंधार २७७.२ येतो आणि निषाद ३९२. फरक कागदावर किरकोळ दिसतो, पण उपस्वर, म्हणजे प्रत्येक सुरासोबत वर आपोआप उमटणारे बारीक सूर, मोजा. बासच्या आवाजातला पाचवा उपस्वर ५५० हर्ट्झ, लीडचा दुसराही ५५०. दोन्ही एकमेकांवर नेमके बसतात. पियानोचा गंधार लावला तर लीडचा दुसरा उपस्वर ५५४.४ वर जातो आणि सेकंदाला चारेक वेळा थरथर ऐकू येते. निषादाचं आणखी वाईट: बासचा सातवा उपस्वर ७७०, पियानोच्या निषादाचा दुसरा ७८४. सेकंदाला चौदा ठोके, म्हणजे सरळ खरखर.

जुळलं की या ठिकाणचे उपस्वर एकमेकांना बळ देतात आणि कानाला चौघांपैकी कोणीच गात नसलेला वरचा सूर ऐकू येतो. यालाच ती मंडळी कॉर्ड 'वाजली' म्हणतात. तंबोरा नीट जुळला की स्वयंभू गंधार ऐकू येतो, हे तुम्हाला सांगायला नको. तो खरजाचा पाचवा उपस्वर. तो खरा मानायचा आणि हा भाबडा, असं कसं चालेल?

मात्र एका ठिकाणी आपला कान आणि त्यांचा कान वेगळे होतात, आणि ते ठिकाण हा निषाद आहे. त्यांचा निषाद ७:४ या प्रमाणाचा, खरजापासून सुमारे ९६९ सेंट (सेंट म्हणजे अर्ध्या सुराचा शंभरावा भाग). पियानोचा १००० सेंट. आपला कोमल निषाद १६:९ धरला तर ९९६, ९:५ धरला तर १०१८. म्हणजे बार्बरशॉपचा निषाद आपल्या कोमल निषादापेक्षाही स्पष्ट उतरलेला. चौघे मित्र जमवून करून बघा. तंबोऱ्याच्या अॅपवर पांढरी सहा लावा. एकाने खरज 'ओ'वर धरायचा, दुसऱ्याने त्याच 'ओ'वर पंचम. तिसऱ्याने हार्मोनियमचा गंधार घेऊन थरथर थांबेपर्यंत खाली यायचं. साधारण १४ सेंट उतरावं लागतं. चौथ्याने हार्मोनियमचा कोमल निषाद घेऊन ३१ सेंट, म्हणजे अर्ध्या सुराच्या जवळजवळ तिसऱ्या हिश्शाने, उतरायचं. हमखास बिघडतो तो हा चौथा. त्याचा गळा सवयीच्या निषादावर जाऊन बसतो आणि उतरताना त्याला आपण बेसूर होतोय असं वाटतं. त्याचा आवाज कमी करायला सांगा. गंधार आणि निषाद खरज-पंचमापेक्षा हलकेच हवेत. आणि चौघांचा 'ओ' एकच हवा. एकाचा 'ऑ' झाला की सूर बरोबर असूनही काही वाजत नाही, कारण स्वराक्षर बदललं की कुठले उपस्वर ठळक होतात तेही बदलतं.

तुमच्या आक्षेपातला खरा भाग इथे आहे. आजकालचे बहुतेक गायक आपली ओळ ध्वनिफितीवरून पाठ करतात: एका कानात स्वतःची ओळ, दुसऱ्या कानात बाकीचे तीन आवाज. फीत सिंथेसायझरवर बनवली असेल तर गंधार चढाच पाठ होतो, आणि पाठ झालेला सूर सोडवणं नवा शिकण्यापेक्षा कठीण. चांगले वृंद म्हणून माणसांनी गायलेल्या फितीच वापरतात.

यावर तुम्ही विचाराल, प्रत्येक कॉर्डला नवा षड्ज मानून शुद्ध जुळवत गेलं तर गाण्याची पट्टी घसरत नाही का? घसरते. म्हणून नियम असा की चाल गाणाऱ्या लीडने मूळ पट्टी सोडायची नाही. बाकी तिघांनी त्याच्याभोवती जुळवून घ्यायचं. इथे बासचं महत्त्व कळतं. कॉर्डचा मूळ स्वर किंवा पंचम बहुधा त्याच्याकडे असतो. तो दहा सेंट खाली बसला तर बाकीचे तिघे बिनचूक असूनही चुकीचे ठरतात. हेन्री दोन्ही चौकड्यांमध्ये याच जागेवर उभे होते, आणि त्यांचं दिग्दर्शन समजून घ्यायला मला ही गोष्ट पदकांपेक्षा महत्त्वाची वाटते. कॉर्ड खालून वर उभी राहते, हे बास गाणाऱ्याला रोज अनुभवावं लागतं.

आता हात हलवण्याबद्दल. चौकडीला दिग्दर्शक लागत नाही, कारण चौघे एकमेकांपासून हातभर अंतरावर अर्धवर्तुळात उभे असतात. शंभर माणसं पायऱ्यापायऱ्यांच्या राइझर्सवर उभी केली की एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत दहा-बारा मीटर अंतर होतं. ध्वनीला दहा मीटर जायला २९ मिलिसेकंद लागतात. टोकाच्या माणसाने कानाने ऐकून सुरुवात केली तर तो तेवढा मागेच राहणार. अशा वेळी डोळ्याने हात बघायचा, हे वृंदाला शिकवावं लागतं. गाणं सैल पडलं की बहुधा कारण हेच असतं. लोक मात्र तालाला दोष देतात.

दुसरी अडचण संख्येचीच. एकच सूर तीस लीड गातात तेव्हा प्रत्येकाचा थोडा इकडे-तिकडे असतो. त्याने आवाज भरदार होतो, पण कॉर्डची धार बोथट होते. शंभरांच्या वृंदात बास आणि लीड मिळून साधारण साठ ते सत्तर, बॅरिटोन वीस-पंचवीस, टेनर दहा-पंधरा अशी वाटणी करतात. टेनर वाढवले तर वरचा सूर टोचायला लागतो. संख्या जमली की स्वराक्षरं. इंग्रजीतल्या 'नाइट' या शब्दात 'आ' आणि 'इ' दोन्ही आहेत. लांब सुरावर 'आ' धरून ठेवायचा आणि 'इ'कडे वळण सगळ्यांनी एकाच क्षणी, अगदी शेवटी घ्यायचं. पाच जण आधी वळले तरी कॉर्ड मधेच विझते. हे वळण दिग्दर्शक हाताने दाखवतो. तुम्हाला जो हात हलताना दिसला, त्याचा निम्मा अर्थ ताल नसून तोंडाचा आकार आहे.

तालमीत दोन-दोन ओळी सोडवतात. आधी बास आणि लीड एवढेच, पूर्ण गाणं. मग त्यात बॅरिटोन, शेवटी टेनर. बॅरिटोनला आधी आणू नये. त्याची ओळ एकटी ऐकलीत तर तिला चाल म्हणवणार नाही. बाकीच्यांनी सोडलेला स्वर उचलत ती कधी लीडच्या वर, कधी खाली उड्या मारते, आणि पट्टी उतरण्याचं मूळ बऱ्याचदा तिथेच सापडतं. खाली येताना पावलं मोठी पडतात, वर जाताना लहान. बासच्या ओळीत एकच सूर सहा-सात वेळा लागोपाठ आला की तो हळूहळू खचतो. गाणं संपल्यावर पिच पाइप फुंकून बघायचं. पट्टी उतरली असेल तर खरजाची सलग साथ लावून एकेका ओळीला थांबत जागा शोधायची. 'वर गा' असं सांगून काही होत नाही. लोक जोर लावतात, अक्षर पसरतं आणि पुढच्या कडव्यात पुन्हा तेच.

एक गोष्ट मात्र चौकडीला कधीच साधत नाही आणि वृंदाला साधते, ती श्वासाची. आळीपाळीने श्वास घ्यायचा: शेजारी घेत असेल तेव्हा नाही, ओळीच्या शेवटी नाही, शब्दांच्या मधल्या फटीत नाही. स्वराक्षराच्या मध्यात गुपचूप बाहेर पडायचं, श्वास भरायचा आणि हळू आवाजात परत शिरायचं. त्यामुळे वीस-पंचवीस सेकंदांचा अखंड सूर धरता येतो. 'टॅग' म्हणजे गाण्याची शेवटची झेप. तिथे एक आवाज एकच सूर लांबवतो आणि बाकीचे त्याच्याभोवती कॉर्ड बदलत राहतात. वृंदाच्या टॅगला लोक उभे राहतात त्यामागे हे तंत्र आहे. जिंकलेल्या वृंदाला पुढची दोन वर्षं स्पर्धेत उतरता येत नाही, हेही ध्यानात घ्या. म्हणजे २००९ नंतर पहिली संधी २०१२ ची, आणि तीही त्यांनी घेतली. मधल्या काळात माणसं गळतात, नवी येतात. नव्यांना हे सगळं पहिल्यापासून शिकवावं लागतं. जाता जाता: या वृंदाचे सहदिग्दर्शक राहिलेले अरेंजर (गाण्याची चार आवाजांत मांडणी करणारे) डेव्हिड राइट हे वॉशिंग्टन विद्यापीठात गणिताचे प्राध्यापक. प्रमाणांची भाषा तिथे कोणाला परकी नव्हती.

राहिला उगम. इथे तुमचा राग मला समजतो, पण तो चुकीच्या दिशेला गेलाय. पट्टेदार कोटांची प्रतिमा खोटी नाही. ती उशिराची आहे. ही सोसायटी १९३८ च्या एप्रिलमध्ये ओक्लाहोमातल्या टल्सा इथे ओवेन कॅश नावाच्या कर-वकिलाने आणि रूपर्ट हॉलने सुरू केली. तिचं मूळ लांबलचक नाव रूझवेल्ट सरकारच्या आद्याक्षरी खात्यांची टिंगल म्हणून ठेवलेलं. जुन्या दिवसांच्या आठवणी काढत गाणाऱ्या गोऱ्या मध्यमवर्गीयांची ही मंडळी, आणि त्यांच्या आठवणींत कृष्णवर्णीय चौकड्यांना जागाच नव्हती. १९४१ साली न्यूयॉर्कची स्पर्धा 'ग्रँड सेंट्रल रेड कॅप्स' या रेल्वे हमालांच्या कृष्णवर्णीय चौकडीने जिंकली. राष्ट्रीय फेरी सेंट लुईसला होती. तिथे त्यांना प्रवेश नाकारला गेला. निषेध म्हणून न्यूयॉर्कचे माजी गव्हर्नर अल स्मिथ आणि उद्यान आयुक्त रॉबर्ट मोझेस सोसायटीतून बाहेर पडले. वर्णावरची बंदी १९६३ पर्यंत उठली नाही. स्त्रियांना पूर्ण सभासदत्व २०१८ साली मिळालं.

म्हणजे 'चिकटवण्याचं' काम झालं ते उलट बाजूने झालं. कृष्णवर्णीय लेखक जेम्स वेल्डन जॉन्सन यांनी १९२५ सालीच लिहून ठेवलं होतं की जॅक्सनव्हिलमध्ये त्यांच्या लहानपणी कृष्णवर्णीयांच्या प्रत्येक न्हाव्याच्या दुकानाची आपली चौकडी असे. लुई आर्मस्ट्राँग पोरवयात न्यू ऑर्लिन्सच्या रस्त्यांवर अशाच चौकडीत गात होता. १९९२ साली संशोधक लिन अॅबट यांनी असे लेखी आणि तोंडी पुरावे एकत्र मांडले. हेन्रींचा प्रबंध त्याच्या पुढचा. त्यांनी साक्षींऐवजी खुद्द गाणं तपासलं: सुरुवातीच्या काळातल्या कृष्णवर्णीय आणि गोऱ्या चौकड्यांची ध्वनिमुद्रणं आणि अरेंजमेंट समोरासमोर ठेवून हाक-प्रतिसादाची मांडणी, लयीची ठेवण आणि विशिष्ट कॉर्ड कुठल्या परंपरेशी जुळतात ते पाहिलं. सुवर्णपदक मिळवलेला माणूस आपल्याच संघटनेच्या जन्मकथेची उलटतपासणी करतो, याला फॅशन म्हणायला माझी जीभ रेटत नाही. २००० साली तर नाहीच. तेव्हा सोसायटीत हा विषय फारसा कोणी काढत नसे.

तरीही प्रबंधावर विश्वास ठेवू नका, कानावर ठेवा. डिन्विडी कलर्ड क्वार्टेटने १९०२ साली व्हिक्टर कंपनीसाठी केलेली ध्वनिमुद्रणं इंटरनेटवर सहज मिळतात. खरखर खूप आहे, म्हणून हेडफोन लावा आणि पहिल्या वेळी शब्द सोडून द्या. एक आवाज ओळ टाकतो, उरलेले ती उचलतात. ओळीच्या शेवटी शब्द संपल्यावरही आवाज हलत राहतात का, तेवढं बघा. मग लगेच क्रॉसरोड्सचं कुठलंही गाणं लावा, आणि ते ऐकताना फक्त बासच्या मागे जा.