अटक नाही हो काका, नुसतं बसवलंय!

पोलिसांच्या तोंडून हे वाक्य गेल्या मंगळवारपासून मी इतक्यांदा ऐकलंय की आता घरात कुणी प्रेमानं "बसा" म्हटलं तरी अंगाचा तिळपापड होतो.

भाच्यानं जुनी गाडी विकली. घेणाऱ्याशी कागदपत्रांवरून वाजलं, त्यानं फसवणुकीची तक्रार ठोकली. सकाळी नऊला फोन : "जरा स्टेशनला येऊन जा, दोन मिनिटांचं काम आहे." ते दोन मिनिटांचं काम बुधवारी दुपारी तीनला संपलं. ३० तास! लाकडी बाकावर. मोबाईल काढून घेतलेला, लघवीला जायचं तरी मागे शिपाई. घरी जायला उठला की दारातला हवालदार दरडावणार, "कुठं निघाला रे? साहेब येऊ देत." आणि साहेब बंदोबस्ताला. पण अटक नाही हं!

मग अटक म्हणजे काय असतं हो? बेड्या पडल्या, पेपरात फोटो आला, की मगच? माणसाच्या हिंडण्याफिरण्यावर बंधन आलं तिथंच अटक सुरू झाली, कागदावर कुठली वेळ टाकली त्यावर ती ठरत नाही, हे मुंबई उच्च न्यायालयानं कधीचं सांगून ठेवलंय. पण ठाण्यातलं घड्याळ भिंतीवर नसतंच, ते ठाणे अंमलदाराच्या पेनात असतं.

खरी मेख तिथंच आहे. घटनेचं कलम २२ म्हणतं, २४ तासांत मॅजिस्ट्रेटसमोर उभं करा. कधीपासून? अटकेपासून. कारणं सांगा, घरच्यांना कळवा, अटक मेमोवर, म्हणजे अटकेच्या कागदावर, घरच्या माणसाची नाहीतर गल्लीतल्या प्रतिष्ठिताची सही घ्या, वैद्यकीय तपासणी करा, वकिलाला भेटू द्या... सगळं अटकेनंतर. तो एक शब्द लिहायचाच नाही, की यातलं काहीच करावं लागत नाही. काय डोकं आहे!

सात वर्षांपर्यंत शिक्षा असलेल्या गुन्ह्यात ऊठसूट अटक करू नका, गरज नसेल तर हजर राहण्याची नोटीस द्या, असं सुप्रीम कोर्टानं २०१४ साली अर्नेश कुमार प्रकरणात बजावलं. फसवणुकीला जास्तीत जास्त सातच वर्षं. म्हणजे नोटीस हवी. पूर्वी ती फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४१-अ खाली होती, १ जुलै २०२४ पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेत कलम ३५(३) झाली. कलमाचा नंबर बदलला, बाक तोच. ऊठसूट अटक नको ना? मग ऊठसूट बसवा!

आणि त्या बाकाच्या बरोब्बर समोर अटकेच्या नियमांचा बोर्ड होता. अर्धा. उरलेला अर्धा कपाटामागे. ते नियम डी. के. बसू खटल्यातले. कोठडीतल्या मृत्यूंच्या बातम्या वाचून पश्चिम बंगालमधल्या कायदेशीर मदत संस्थेच्या या बसूंनी १९८६ साली सरन्यायाधीशांना पत्र लिहिलं, निकाल लागला १९९६ साली. दहा वर्षं झगडून मिळवलेल्या अकरा सूचना, त्यांच्यापुढे आमच्या ठाण्यानं फायलींचं कपाट लावलं. कपाटावर झेंडूचा हार.

संध्याकाळी फर्मान आलं, "याच्या आईलाही आणा, जबाब घ्यायचाय." मी म्हटलं, बाईमाणसाला साक्षीच्या जबाबासाठी ठाण्यात बोलावता येत नाही, तुम्ही घरी यायचं असतं. ठाणे अंमलदारानं मान वर केली.
"तुम्ही वकील आहात का?"
"नाही."
"मग बसा."
बसलो! काय करणार, पोरगं आत.

पण पोलिसांपेक्षा जास्त राग मला आपल्याच माणसांचा आलाय. जो तो म्हणतो, "सुटला ना? मग कशाला त्यांच्या नादी लागता?" अरे सुटला कुठून? कागदावर तो तिथं नव्हताच! सीसीटीव्हीचं फुटेज मागायला गेलो तर म्हणे कॅमेरा महिनाभर बंद आहे. स्टेशन डायरीतल्या नोंदीचं विचारलं तर, "अटकच नाही तर नोंद कसली?" तक्रार करायची तर पुरावा काय, पोराची आखडलेली पाठ?

काल परत फोन. "जरा येऊन जा." या वेळी भाच्यानं मी शिकवल्याप्रमाणे विचारलं, "साहेब, आधी लेखी नोटीस द्याल का?"
पलीकडून हवालदार खदाखदा हसला. "नोटीस कशाला रे? तू काय आरोपी आहेस?"