काच, अभ्रक आणि भिंग

गेल्या महिन्यात नववीतला एक मुलगा तास संपल्यावर थांबला. हातात छापून आणलेली चार पानं. भारद्वाज ऋषींच्या 'अंशुबोधिनी'बद्दल कुणीतरी घरच्या ग्रुपवर पाठवलेली. "बाई, सूर्यकिरणांचं सगळं शास्त्र आपल्या ऋषींनी लिहून ठेवलंय म्हणतात. खरंय का?" मी संस्कृत शिकवते, म्हणून त्याने मला विचारलं. मी "बघून सांगते" म्हटलं. त्याला जे सांगितलं ते आज इथे लिहितेय, कारण ती चार पानं तुमच्यापैकी बऱ्याच जणांकडेही आली असतील.

याच भारद्वाजांच्या नावावर 'वैमानिक शास्त्र' हा विमानांवरचा ग्रंथही सांगितला जातो. दोन्ही नावांच्या मागे एकच व्यक्ती दिसते, बंगळुरूजवळच्या आनेकलचे पंडित सुब्बराय शास्त्री. 'वैमानिक शास्त्र' त्यांनी 1918 ते 1923 या काळात तोंडी सांगितलं आणि दुसऱ्याने ते उतरवून घेतलं. 1974 मध्ये बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या पाच अभ्यासकांनी त्याची भाषा, आकृत्या आणि गणित तपासलं. ग्रंथ 1904 च्या आधीचा नाही आणि त्यातली विमानं उडू शकत नाहीत, असा त्यांचा निष्कर्ष होता. तरी जानेवारी 2015 मध्ये मुंबई विद्यापीठात भरलेल्या विज्ञान काँग्रेसमध्ये त्याच्या आधारे निबंध वाचला गेला. मला त्या दिवशी फार वाईट वाटलं होतं, आजही वाटतं.

जुना ग्रंथ माग ठेवून जातो. त्याची हस्तलिखितं वेगवेगळ्या गावांत, वेगवेगळ्या लिप्यांत सापडतात, त्यावर टीका म्हणजे स्पष्टीकरणं लिहिली जातात, दुसरे लोक त्यातली वचनं घेऊन भांडतात. पुण्याच्या भांडारकर संस्थेने हजाराहून जास्त हस्तलिखितं ताडून महाभारताची चिकित्सक आवृत्ती केली. 1919 ला सुरू झालेलं ते काम 1966 ला पुरं झालं. एकेका श्लोकासाठी तिथल्या पंडितांनी डोळे फोडले. परंपरेवरचं प्रेम मला तिथे दिसतं.

आणि प्रकाशाबद्दल आपल्याकडे खरोखर लिहिलेलं आहेच की! न्यायसूत्रं हा आपल्या तर्कशास्त्राचा जुना ग्रंथ. त्याचा तिसरा अध्याय उघडा. नैयायिकांचं, म्हणजे हे तर्कशास्त्र मानणाऱ्यांचं, म्हणणं असं, की डोळा तेजाचा बनलेला आहे, त्यातून किरण निघतात, ते वस्तूला जाऊन भिडतात आणि मग आपल्याला दिसतं. आज आपल्याला माहीत आहे की हे चूक आहे. पण ते कसं मांडलंय बघा. समोरचा विचारतो, काच, अभ्रक आणि स्फटिक मध्ये असला तरी पलीकडचं दिसतं, मग डोळ्याचा किरण तिथे भिडला कसा? म्हणजे डोळा न भिडताच पाहतो. सूत्रकार म्हणतात, तसं असतं तर भिंतीपलीकडचंही दिसलं असतं. आणि सूर्याचे किरण स्फटिकातून आरपार जाऊन पलीकडची वस्तू जाळतातच ना? मग डोळ्याचे का जाणार नाहीत? पुढचा आक्षेप: हे किरण आम्हाला दिसत का नाहीत? उत्तर: रात्री फिरणाऱ्या प्राण्यांच्या डोळ्यांत दिसतात. मांजर आठवा.

सिद्धांत चुकला, पण प्रत्येक पायरीला अनुभवाचा पुरावा मागितलेला आहे आणि विरोधकाचं म्हणणं पूर्ण ताकदीने आधी मांडलेलं आहे. 'बृहत्संहिते'त ज्योतिषी वराहमिहिर इंद्रधनुष्याबद्दल लिहितो, की ढगाळ आकाशात वाऱ्याने विस्कटलेले सूर्याचे नाना रंगांचे किरण धनुष्याच्या आकारात दिसतात. वारा चुकला, पण रंग सूर्याच्या किरणांतच आहेत हे त्याने सहाव्या शतकात म्हटलं. याचं मला विलक्षण कौतुक आहे.

वेदांचे भाष्यकार सायणाचार्य यांनी प्रकाशाचा वेग सांगून ठेवलाय, हा फॉरवर्डही त्या पानांत होता. ते वचन मात्र अस्सल आहे. ऋग्वेदावरच्या चौदाव्या शतकातल्या भाष्यात ते सूर्याला उद्देशून येतं: अर्ध्या निमिषात 2202 योजने चालणाऱ्या तुला नमस्कार. पण योजन केवढं? आर्यभटाने पृथ्वीचा व्यास 1050 योजने दिलाय, त्यावरून एक योजन साधारण 12 किलोमीटरचं होतं. फॉरवर्डमध्ये ते साडेचौदाच्या आसपास धरलेलं असतं, कारण त्याशिवाय प्रकाशाच्या वेगाशी आकडा जुळत नाही. उत्तर आधी ठरवून माप मागून निवडलं तर काहीही जुळवता येईल. सुंदर सूर्यस्तुती आहे ती, स्तुती म्हणून वाचा.

माझं दुःख हे आहे, की त्या मुलाला 'अंशुबोधिनी' हे नाव ठाऊक होतं आणि न्यायसूत्रं हा शब्द त्याने कधी ऐकला नव्हता. खोट्या ग्रंथाने खऱ्या ग्रंथाची जागा अडवली आहे. तिथे सगळी उत्तरं आधीच दिलेली असतात, म्हणून मुलाने विचारायला काही उरतच नाही.

शनिवारी शाळा सुटल्यावर आम्ही दोघं मैदानात बसलो. मी प्रयोगशाळेतून भिंग आणलं होतं. वाळलेल्या पानावर उन्हाचा ठिपका धरला, धूर निघाला, मग मी त्याला सूर्यकिरण आणि स्फटिकाचं ते सूत्र वाचून दाखवलं. तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "पण बाई, डोळ्यातूनच किरण निघत असतील तर अंधारात आपल्याला का दिसत नाही?"

मी पान उलटलं. हाच आक्षेप तिथे होता. बाहेरच्या प्रकाशाची मदत लागते, असं सूत्रकारांचं उत्तर. त्याला ते पटलं नाही. पुढच्या शनिवारी तो टॉर्च आणि आरसा घेऊन येणार आहे.