नरकात गिझर असेल का

दिवाळीत पहिली आंघोळ कुणाची यावर आमच्याकडे दरवर्षी वाद होतो. शेवटची कुणाची यावर होत नाही, ती माझी असते. यंदाही नरकचतुर्दशी, पहाटे उठून तेल कोमट करा, उटणं कालवा, पाट-रांगोळी, मग एकेकाला हलवून जागं करा (मुलं उठतात हो, नवरा उठत नाही), आणि एवढ्या माणसांत गिझर पंधरा लिटरचा.

त्यात मोठे काका मुक्कामाला, म्हणजे चुलत सासरे. न्हाऊन, कानात उटणं तसंच ठेवून बाहेर आले.

"सूनबाई, कारीट कुठाय?"

"मिळालं नाही काका, मंडईत संपलं होतं."

"अगं मग नरकासुराचा वध कसा व्हायचा?"

जशी काही त्याची सुपारी मीच घेतली होती! शेवटी फ्रिजमधलं कारलं काढून दिलं. आता कारीट कसं, डाव्या अंगठ्याखाली पटकन फुटतं, कारल्याला तसलं वळण नाही. काका तुळशीपुढे एका पायावर, हात माझ्या खांद्यावर, सगळा भार माझ्यावर, आणि कारलं दर वेळी अंगठ्याखालून सटकून चपलांच्या रॅककडे. मी वाकून आणायचं, त्यांनी "सरळ ठेव गं" म्हणायचं. शेवटी वैतागून टाचेनेच चेचलं, "गोविंदाऽ!" म्हणून ओरडले, बिया उडाल्या थेट माझ्या रांगोळीत. रीत म्हणून थेंबभर जिभेला लावलं आणि तोंड वाकडं करून म्हणाले, "काहीतरी गोड आण."

पाच दिवस खपून केलेले अनारसे, त्यातला एक उचलून "जाळी नाही पडली" हेही झालं. नवरा हसला. त्याचं बघते नंतर.

तोवर साडेसहा वाजून गेले, खिडकीत ऊन. मी टॉवेल घेऊन निघाले तर नळाला गारढोण पाणी, आणि मागून काका,

"सूर्योदयानंतर न्हाणारा नरकात जातो बरं का!"

"जाते की काका, तिकडे गरम पाणी तरी असेल."

ते अगदी गंभीर झाले. "पाणी नाही गं, तेल. उकळत्या कढईत तळतात माणसांना."

"तळायला कोण असतं?"

काका विचारात पडले. मी त्यांच्या हातात झारा दिला आणि बाथरूमचं दार लावून घेतलं. चकल्यांचा शेवटचा घाणा कढईत होता.