‘एक रुपया घाला, सहा मिळवा’: कंपनीतल्या वेलनेसचा हिशेब कुठे चुकतो

एचआरवाल्यांच्या ग्रुपांवर आणि लिंक्डइनवर एक मजकूर वर्षानुवर्षं फिरतो आहे. शब्द थोडे बदलतात, मुद्दे तेच असतात. वेलनेसवर, म्हणजे कर्मचाऱ्यांच्या तब्येतीसाठीच्या कार्यक्रमांवर, घातलेल्या प्रत्येक रुपयाचे तीन ते सहा रुपये परत मिळतात. आजारपणाच्या रजा घटतात, माणसं नोकरी सोडत नाहीत. मेडिक्लेमचा हप्ता उतरतो. वार्षिक ‘फुल बॉडी चेकअप’मुळे रोग वेळेत सापडतात. योगवर्ग आणि ध्यानाच्या अ‍ॅपमुळे ताण जातो. बजेट मंजूर करून घ्यायला असा मजकूर फार उपयोगी पडतो. कर्मचाऱ्यांच्या तब्येतीसाठी पैसा खर्च करू नये असं आमचं म्हणणं नाही. पण या आकड्यांच्या भरवशावर केला तर तो चुकीच्या ठिकाणी जातो.

‘तीन ते सहा रुपये परत मिळतात’

आकडा हवेतला नाही. 2010 मध्ये कॅथरिन बेकर, डेव्हिड कटलर आणि झिरुई साँग या संशोधकांनी तोवरचे अमेरिकी अभ्यास एकत्र करून हिशेब मांडला: एका डॉलरमागे वैद्यकीय खर्चात सुमारे 3.27 डॉलरची आणि गैरहजेरीच्या खर्चात सुमारे 2.73 डॉलरची बचत. दोन्हींची बेरीज 6. आपल्याकडे डॉलरचा रुपया झाला आणि मजकूर तयार झाला.

अडचण अशी की त्यातल्या बऱ्याच अभ्यासांत कार्यक्रमात स्वतःहून आलेल्यांची तुलना न आलेल्यांशी होती. सकाळी सातच्या योगवर्गाला कोण येतं? बहुधा जो आधीच चालतो, सिगारेट ओढत नाही आणि ज्याच्या घरून कंपनीत यायला दोन तास लागत नाहीत, तो. त्याचा दवाखान्याचा खर्च आधीच कमी असतो आणि त्याचं श्रेय मात्र कार्यक्रमाला जातं.

हे किती फसवं असू शकतं, ते अमेरिकेतल्या इलिनॉय विद्यापीठात 2016 मध्ये सुरू झालेल्या प्रयोगाने दाखवलं. 4,834 कर्मचाऱ्यांपैकी 3,300 जणांना चिठ्ठ्या टाकल्यासारखं निवडून कार्यक्रमात यायची मुभा दिली, बाकीच्यांना दिली नाही. निवडलेल्यांमधले आलेले आणि न आलेले अशी जुन्या पद्धतीची तुलना केली, तेव्हा आलेल्यांचा महिन्याचा वैद्यकीय खर्च सुमारे 525 डॉलर आणि न आलेल्यांचा 657 डॉलर दिसला. मोठी बचत! पण मुभा मिळालेला सगळा गट आणि न मिळालेला सगळा गट शेजारी ठेवला, तेव्हा आकडे होते 576 आणि 568. फरक गायब. जिमच्या फेऱ्यांचंही तेच: जुन्या पद्धतीने वर्षाला 7.4 विरुद्ध 3.8, चिठ्ठीच्या पद्धतीने 5.9 विरुद्ध 5.8.

आणि 2010 चा हिशेब मांडणाऱ्या बेकर आणि साँग यांनी स्वतःच पुढे बीजेज होलसेल क्लब या अमेरिकी दुकानसाखळीत चिठ्ठीचा प्रयोग केला. 160 दुकानं, सुमारे 33 हजार कर्मचारी, त्यांतल्या 20 दुकानांत कार्यक्रम. निकाल 2019 मध्ये आला. दीड वर्षाने नियमित व्यायाम करतो असं सांगणाऱ्यांचं प्रमाण 8.3 टक्केबिंदूंनी जास्त होतं. रक्तदाब, कोलेस्टेरॉल, वजन-उंचीचं गुणोत्तर, वैद्यकीय खर्च, गैरहजेरी, कामाचा दर्जा यांत दखल घेण्याजोगा फरक नव्हता. ज्यांच्या नावावर ‘सहा रुपये’ खपवले जातात त्यांचंच हे काम, पण फिरत्या मजकुरात ते कधी येत नाही.

‘मेडिक्लेमचा हप्ता उतरतो’

अमेरिकेतल्या अनेक मोठ्या कंपन्या कर्मचाऱ्यांचा दवाखान्याचा खर्च विमा कंपनीवर न टाकता स्वतःच्या खिशातून भरतात. तिथे एखाद्याचा मधुमेह आटोक्यात आला तर वाचलेला पैसा थेट कंपनीकडे राहतो. आपल्याकडे पैसा वेगळ्या वाटेने फिरतो.

कारखान्यातला महिना 18,000 रुपयांचा कामगार घ्या. 21,000 रुपयांच्या मर्यादेत असल्याने तो ईएसआयमध्ये, म्हणजे कर्मचारी राज्य विमा योजनेत, येतो. मालकाचा वाटा 3.25 टक्के, म्हणजे 585 रुपये. कामगार वर्षभर ठणठणीत राहिला तरी 585 आणि सहा वेळा दवाखान्यात गेला तरी 585. आजारपणात 70 टक्के मजुरी वर्षाला 91 दिवसांपर्यंत ईएसआयच देतं. म्हणजे ‘वैद्यकीय खर्चातली बचत’ मालकाच्या वहीत उतरायला जागाच नाही.

गट मेडिक्लेममध्ये हप्ता क्लेमवर ठरतो हे खरं. पण क्लेम कोणाचे? समजा 400 कर्मचारी आहेत, पॉलिसीत आईवडीलही आहेत आणि वर्षाचे क्लेम 88 लाखांचे झाले. त्यात आईवडिलांचे मोतीबिंदू, गुडघे, हृदय मिळून 45 लाख, बाळंतपणं 15, डेंग्यू, टायफॉइड, अपघात वगैरे 18. कर्मचाऱ्याच्या आहार-व्यायामाशी दूरचं का होईना नातं असलेले उरतात 10 लाख. कार्यक्रमाने त्यातला पाचवा हिस्सा वाचवला, आणि हे फारच उदार गृहीतक आहे, तरी 2 लाख. माणशी 1,500 रुपयांनी कार्यक्रमाचा खर्च 6 लाख. आकडे नमुन्याचे आहेत. आपल्या टीपीएकडून (विमा कंपनीसाठी क्लेम हाताळणाऱ्या संस्थेकडून) किंवा ब्रोकरकडून क्लेमची नातेवार फोड मागवून स्वतःचे घाला. ओपीडी आणि औषधांचा खर्च बहुतेक पॉलिसींत नसतोच, तो कर्मचारी खिशातून करतो. मधुमेह सांभाळल्याचा फायदा इथे त्यालाच होतो. फायदा खराच आहे, पण हप्त्यात तो दिसणार नाही.

‘रजा घटतात, माणसं टिकतात’

वरच्या दोन्ही प्रयोगांत गैरहजेरी हलली नाही. इलिनॉयमध्ये नोकरी टिकवण्यातला फरकही चिठ्ठीच्या तुलनेत विरला. एक गोष्ट मात्र झाली: आपल्या तब्येतीची पर्वा मालकाला आहे असं वाटणारे वाढले. ज्यांना एवढंच हवं असेल त्यांनी तसं उघड म्हणावं.

‘फुल बॉडी चेकअपमुळे रोग वेळेत सापडतात’

प्रयोगशाळेची ‘नॉर्मल’ मर्यादा साधारणपणे निरोगी लोकांपैकी 95 टक्के आत बसतील अशी आखलेली असते. म्हणजे एका तपासणीत निरोगी माणसाचा आकडा बाहेर पडण्याची शक्यता 5 टक्के. एकमेकींवर अवलंबून नसलेल्या 20 तपासण्या केल्या तर किमान एक तरी आकडा ठळक अक्षरांत छापून येण्याची शक्यता 64 टक्के, 60 तपासण्यांना 95 टक्के. प्रत्यक्षात तपासण्या एकमेकींशी जोडलेल्या असतात, त्यामुळे प्रमाण थोडं कमी. पण ‘72 पॅरामीटर’च्या पॅकेजमधून जवळजवळ प्रत्येक जण काहीतरी घेऊन बाहेर का पडतो, ते यात आलं. लक्षण नसताना केलेल्या ट्यूमर मार्करचं (कर्करोगाची खूण शोधणाऱ्या रक्तचाचणीचं) तर विचारूच नका: आधी भीती, मग स्कॅन, मग ‘काही नाही’. सरसकट तपासण्यांवरच्या चाचण्यांचा कॉक्रेन या वैद्यकीय संशोधनाचे आढावे घेणाऱ्या संस्थेचा 2019 चा आढावा अडीच लाखांहून जास्त लोकांचा होता. अशा तपासण्यांनी मृत्यू कमी झाल्याचं त्यात दिसलं नाही.

खरी गळती तपासणीच्या कॅम्पनंतर होते. लिफाफा वाटला जातो, तो ड्रॉवरमध्ये जातो, पुढच्या वर्षी तोच रक्तदाब पुन्हा मोजला जातो. शिवाय मोजतानाच घोळ होतात. जिना चढून आलेला माणूस रांगेतून थेट खुर्चीवर बसतो, गप्पा मारतो, शर्टाच्या बाहीवरूनच पट्टा बांधला जातो. जाड दंडाला लहान पट्टा लावला तर आकडा वाढतो. रात्रपाळीचा कामगार सहाला सुटून ‘उपाशीपोटी’ साखर देतो, पण जेवलेला असतो पहाटे दोनला. आठ तास कुठे झाले? एचबीए1सीला (गेल्या दोन-तीन महिन्यांची सरासरी साखर दाखवणाऱ्या चाचणीला) उपास लागत नाही, मात्र लोह कमी असलेल्या बाईचा तो आकडा उगाच चढू शकतो.

पॅकेजच्या पैशात हे करता येतं: फक्त रक्तदाब, साखर, कंबर, तंबाखूची चौकशी आणि चाळिशीपुढच्यांच्या जवळच्या नजरेची तपासणी. अर्धा तास आधी चहा आणि तंबाखू नाही, पाच मिनिटं पाठ टेकून शांत बसणं, पाय जमिनीवर, दंड छातीच्या पातळीवर, एका मिनिटाच्या अंतराने दोन नोंदी. 140/90 किंवा वर दिसलं तर वेगळ्या दिवशी पुन्हा. तरीही वरच असेल तर डॉक्टर, गोळी आणि दर महिन्याला कारखान्याच्या दवाखान्यातच, त्याच्या पाळीच्या वेळेत, पगार न कापता मोजणी. वर्षाअखेरी एकच प्रश्न: ज्यांचा रक्तदाब वाढलेला सापडला त्यांच्यापैकी किती जणांचा आज 140/90 च्या खाली आहे? ‘कॅम्पला 92 टक्के उपस्थिती’ हे त्याचं उत्तर नव्हे.

पेप्सिकोच्या सात वर्षांच्या नोंदींचा रँड या अमेरिकी संशोधन संस्थेचा अभ्यास 2014 मध्ये आला, त्याचा कलही इकडेच होता. आधीच दुखणं असलेल्यांची निगा राखणाऱ्या भागात डॉलरमागे 3.80 डॉलर परत आले, तर सवयी सुधारण्याच्या भागात 50 सेंट. तोही चिठ्ठीचा प्रयोग नव्हता, म्हणून 3.80 ला डोक्यावर घेऊ नका. पण एकाच कंपनीत या दोन भागांतली तफावत पुरेशी बोलकी आहे.

‘योग आणि ध्यानाच्या अ‍ॅपने ताण जातो’

इथे आणखी एक आकडा चिकटवला जातो: ‘डब्ल्यूएचओ म्हणते, मानसिक आरोग्यावरच्या एका डॉलरचे चार परत मिळतात.’ तो 2016 चा अंदाज नैराश्य आणि चिंताविकारावरच्या *उपचारांचा* आहे, 36 देशांत ते वाढवले तर काय होईल याचा. समुपदेशन आणि औषधं म्हणजे दुपारचा ध्यानवर्ग नव्हे.

ऑक्सफर्डच्या विल्यम फ्लेमिंग यांनी 2024 मध्ये ब्रिटनमधल्या 233 संस्थांतल्या 46 हजारांहून जास्त कर्मचाऱ्यांची माहिती तपासली. ध्यान, अ‍ॅप, ताण-व्यवस्थापनाचे वर्ग घेतलेले लोक न घेतलेल्यांपेक्षा बरे आढळले नाहीत. अपवाद फक्त स्वयंसेवी कामाचा. हाही चिठ्ठीचा प्रयोग नाही. पण उत्साही लोकच येतात ही सवलत मिळूनही फायदा दिसू नये, हे विशेष.

ताण बहुतेकदा कामाच्या रचनेतून येतो. डब्ल्यूएचओ आणि आयएलओ (आंतरराष्ट्रीय कामगार संघटना) यांच्या 2021 च्या अंदाजानुसार आठवड्याला 55 किंवा जास्त तास काम करणाऱ्यांना 35 ते 40 तासवाल्यांच्या तुलनेत पक्षाघाताचा धोका 35 टक्के आणि हृदयविकाराने मृत्यूचा धोका 17 टक्के जास्त. महाराष्ट्राच्या मंत्रिमंडळाने सप्टेंबर 2025 मध्ये कारखान्यांतली दिवसाची मर्यादा 9 वरून 12 तास आणि तिमाही ओव्हरटाइम 115 वरून 144 तास करायला मंजुरी दिली, आठवड्याचे 48 तास तसेच ठेवून. 144 तास 13 आठवड्यांत वाटले की आठवड्याला 11, एकूण 59. या वेळापत्रकावर शवासन पुरत नाही. पाळीचं पत्रक दोन आठवडे आधी लावा, रात्रपाळीनंतर लगेच सकाळपाळी देऊ नका, रात्री दहानंतरचे व्हॉट्सअ‍ॅप बंद करा. याला व्हेंडर लागत नाही, म्हणूनच कदाचित त्याची पीपीटी नसते.

मग परतावा कशातच नाही?

आहे, पण तो वेलनेसच्या पोस्टरवर नसतो. आसामच्या चहामळ्यात 40 वर्षांपुढच्या 751 पानं खुडणाऱ्यांवर चिठ्ठीचा प्रयोग झाला, 2018 मध्ये छापून आला. निम्म्यांना जवळचा चष्मा दिला, पोचवण्यासकट खर्च सुमारे 10 डॉलर. चष्मेवाल्यांची रोजची खुडणी इतरांपेक्षा जवळपास 22 टक्के जास्त वाढली. शिलाई, जुळणी, तपासणीच्या टेबलांवर चाळिशीपुढची किती माणसं डोळे बारीक करून काम करतात, ते उद्या मोजून पाहा. बंगळुरूच्या कपडे कारखान्यांत साध्या ट्यूबच्या जागी एलईडी लावले, उष्णता घटली आणि गरम दिवसांत होणारी कामाची घसरण बरीचशी थांबली. ते दिवे विजेचं बिल कमी करायला आणले होते, कोणाच्या आरोग्यासाठी नव्हे.

कॅन्टीनही असंच. सॅलडचं पोस्टर लावण्याआधी तेलाचे डबे मोजा. रोज 300 ताटं, महिन्याला 26 दिवस, म्हणजे 7,800 ताटं. महिन्याला 15 लिटरचे 15 डबे लागत असतील तर 225 लिटर, सुमारे 205 किलो, म्हणजे ताटामागे 26 ग्रॅम. राष्ट्रीय पोषण संस्थेच्या 2024 च्या 2,000 किलोकॅलरींच्या ताटात *दिवसभराचं* तेल-तूप 27 ग्रॅम आहे. तळणीतलं थोडं तेल वाया जातं हे धरूनही रात्रीच्या जेवणाला काय उरलं? ठेकेदाराच्या करारात डब्यांची संख्या लिहा.

आणि तरीही कोणी ‘तीन ते सहा रुपये’ घेऊन आलाच, तर त्याला सांगा: आमची सहा युनिटं आहेत, चिठ्ठ्या टाकून तीन निवडू, पहिलं वर्ष फक्त तिथे राबवा. मोजणी भाग घेतलेल्यांची नाही, हजेरीपटावरच्या प्रत्येकाची. रजा मस्टरवरून, क्लेम टीपीएकडून, रक्तदाब आपल्या दवाखान्याकडून, तिन्ही आकडे त्याच्या डॅशबोर्डवरून न घेता. कोणाला काय दुखणं आहे ते एचआरला दिसता कामा नये, फक्त युनिटची बेरीज दिसावी. निम्मी फी वर्षाअखेरीच्या फरकावर. सहा युनिटांत लहानसा फरक कळणार नाही, पण सहापट परतावा खरा असेल तर तो लपूनही राहणार नाही.