पगारी नोकर शेमस एनिस

शेमस एनिस यांचे नाव निघाले की पहिल्या पाच मिनिटांत कॅरॅव्हानचा विषय येतो. डब्लिन परगण्याच्या उत्तर टोकाला नॉल नावाचे लहानसे गाव आहे. तिथल्या जमिनीच्या एका तुकड्यावर आयर्लंडचा हा थोर पाइपवादक आयुष्याच्या अखेरीस कॅरॅव्हानमध्ये, म्हणजे चाकांवरच्या घरात, राहत असे, आणि सांगणारा ही हकीकत अशा कौतुकाने सांगतो की कलावंताने असेच राहायचे असते, असे ऐकणाऱ्याला वाटावे. नोकरीनिमित्त डब्लिनला राहायला आल्यापासून मी ही हकीकत इतक्या जणांच्या तोंडून ऐकली आहे की आता तिचा मला थोडा रागच येतो. आपल्याकडेही भणंग कलावंताच्या गोष्टी रंगवून सांगण्याची हौस कमी नाही, त्यामुळे हा दोष एकट्या आयरिश माणसाचा आहे असे मी म्हणणार नाही. पण एनिस यांच्या बाबतीत तरी ही गोष्ट उलट्या बाजूने सांगायला हवी. त्यांच्या हातून झालेले सर्वांत मोठे काम आठवड्याला तीन पौंड पगार, एक सायकल आणि कोरे कागद यांच्या बळावर झाले आहे.

आधी वाद्याविषयी थोडे सांगतो, कारण त्याशिवाय या माणसाचा आवाका कळत नाही. तोंडाने फुंकून, चालत चालत वाजवण्याचा स्कॉटिश बॅगपाइप लष्करी बँडमुळे आपल्या ओळखीचा आहे. आयर्लंडचा इलन पाइप मात्र बसून वाजवतात. ‘इलन’ या आयरिश शब्दाचा संबंध कोपराशी आहे. उजव्या कोपराखाली भाता असतो, डाव्या कोपराखाली हवेची पिशवी, आणि तोंड मोकळे असते. ज्या नळीवर बोटे चालतात तिला चँटर म्हणतात, आणि तिच्यावर दोन सप्तके वाजतात. तीन ड्रोन अखंड आधारस्वर धरून ठेवतात, सनईच्या शेजारी बसून सूर धरणारा धरतो तसे. याखेरीज मांडीवर आडव्या येणाऱ्या तीन नळ्या असतात, त्यांना रेग्युलेटर म्हणतात. बोटे चँटरवर गुंतलेली असताना उजव्या मनगटाने यांच्या चाव्या दाबून स्वरसंगतीची साथ द्यायची असते. म्हणजे सनईवाला, सूरवाला आणि पेटीवाला हे तिघेही एकाच माणसाने व्हायचे. सात वर्षे शिकावे, सात वर्षे रियाज करावा आणि सात वर्षे वाजवावे, तेव्हा कुठे पाइपवादक तयार होतो, असे इथे म्हणतात.

एकदा एका पबमधल्या बैठकीत मी एका वयस्कर पाइपवादकाच्या शेजारी बसलो होतो. बाहेर पाऊस होता. बाकीच्यांच्या दोन चिजा वाजवून झाल्या तरी हे गृहस्थ चँटर उपसून आतल्या रीडवरची, म्हणजे हवेने थरथरून स्वर काढणाऱ्या पातीवरची, तांब्याची बारीक पट्टी नखाने केसभर वर, केसभर खाली सरकवत होते. मी विचारले, तेव्हा ते म्हणाले, “हवा बदलली, की ही बाई रुसते.” आणि मग त्यांनी वाजवायला सुरुवात केली. चँटरचे खालचे तोंड मांडीवर टेकले की स्वर तुटत होता, उचलले की मोकळा होत होता. त्या एका संथ सुरावटीनंतर खोलीत कोणी ग्लासही उचलला नाही. घरी जाताना त्यांनी मला शेमस एनिस ऐकायला सांगितले, आणि लगोलग कॅरॅव्हानची गोष्टही सांगितली.

एनिस यांचा जन्म 5 मे 1919 रोजी डब्लिन शहराच्या उत्तरेला फिंगलसजवळच्या जेम्सटाउन येथे झाला. वडील जेम्स हे सरकारी नोकर होते आणि उत्तम पाइपवादकही. 1908 साली लंडनमधल्या एका गहाणवटीच्या दुकानात त्यांना एका पिशवीत जुन्या पाइपचे सुटे भाग मिळाले, आणि ते निघाले डब्लिनच्या थॉमस स्ट्रीटवरच्या कॉइन या कारागिराने एकोणिसाव्या शतकात घडवलेले. तेच वाद्य पुढे मुलाने आयुष्यभर वाजवले. घरात पाहुणे म्हणून येणारे वादकच होते, त्यामुळे रीतसर गंडाबंधन वगैरे काही न होता, वडिलांचे ऐकत ऐकत मुलगा तयार झाला. शिक्षण आयरिश माध्यमाच्या शाळेत झाले. त्या वेळी त्याचे महत्त्व कोणाला वाटले असेल असे नाही, पण पुढचे सगळे काम त्या भाषेवर उभे राहिले.

आता नोकरीची गोष्ट. शाळा संपल्यावर एनिस सरकारी रोजगार कार्यालयातल्या कारकुनाच्या परीक्षेला बसले, पण यादीत त्यांचा क्रमांक इतका खाली आला की नोकरी मिळाली नाही. विसाव्या वर्षी बेकार असलेल्या या मुलाला वडिलांचे स्नेही कोलम ओ लोखलन यांनी आपल्या ‘थ्री कँडल्स प्रेस’ या छापखान्यात घेतले. छपाईच्या कामाबरोबरच ऐकलेली सुरावट कागदावर अचूक उतरवण्याची विद्या त्यांना तिथे मिळाली. दुसरे महायुद्ध सुरू होते, आणि 1942 मध्ये कागदाची टंचाई इतकी वाढली की छापखान्यातले काम आटले. एनिस इंग्लंडला जाऊन ब्रिटिश सैन्यात भरती होण्याच्या बेतात होते. ओ लोखलन यांनी त्यांना आयरिश लोकसाहित्य आयोगाचे प्रमुख, प्राध्यापक जेम्स डेलार्गी यांच्याकडे पाठवले. 1935 साली स्थापन झालेल्या या आयोगाला गावोगावच्या लोककथा लिहून घेणारे कार्यकर्ते मिळाले होते, पण स्वर लिहून घेणारा माणूस हवा होता. डेलार्गी यांनी एनिस यांना लेखणी, कागद आणि सायकल दिली, आठवड्याचा पगार तीन पौंड ठरवला आणि पश्चिमेकडे कॉनेमाराला रवाना केले.

इथून पुढच्या पाच वर्षांत या तेवीस वर्षांच्या पोराने जे केले त्याला मी त्यांची खरी कारकीर्द मानतो. कॉनेमारा, मेयो, डोनेगल, क्लेअर, कॉर्क असे भाग पालथे घालत, आणि स्कॉटलंडच्या बेटांपर्यंत जाऊन, त्यांनी सुमारे दोन हजार गाणी आणि सुरावटी लिहून घेतल्या. कॉनेमारातल्या कार्नाजवळच्या ग्लिन्स्क गावी कोलम ओ कीयान नावाचा शेतकरी होता. समुद्रावर मासेही धरायचा. या एका माणसाकडून त्यांना दोनशेहून अधिक गाणी मिळाली. शेतावर आणि किनाऱ्यावर दिवसभर राबणाऱ्या माणसापुढे वही उघडून “गा” म्हटले म्हणजे तो गात नाही. एनिस त्याच्या कामात हात लावत, दिवस त्याच्याबरोबर काढत, आणि मग संध्याकाळी चुलीशी गाणे निघे. शब्द आयरिशमध्ये, त्यातही त्या त्या भागाच्या बोलीत. एनिस यांचा कान असा होता की ज्या गावात जात तिथल्या बोलीत ते बोलू लागत. कॉर्कमधल्या बेस क्रोनिन यांची गोष्ट तर मला फार आवडते. या बाईंना एनिस यांच्याशी गप्पा मारण्याची एवढी ओढ होती की गाणी लिहून देण्यात वेळ जाऊ नये म्हणून त्या आधीच ती स्वतःच्या हाताने लिहून ठेवत. एनिस दारात आले की कागद त्यांच्या हातात देत, आणि बोलायला बसत.

दोन हजार हा आकडा वाचताना आपण घाईने पुढे जातो. एक गाणे लिहायचे म्हणजे त्याची सगळी कडवी, चालीतले प्रत्येक कडव्यागणिक होणारे फरक, गाणाऱ्याने ते कोणाकडून घेतले त्याची नोंद, आणि वर रोजनिशी. तीही आयरिशमध्येच लिहिलेली. ती पुढे पुस्तकरूपाने छापून निघाली आणि तिचा इंग्रजी अनुवादही झाला. त्या काळात आयोगाकडे मेणाच्या नळकांड्यांवर ध्वनी उतरवणारे यंत्र होते, पण ती नळकांडी इतकी दुर्मीळ की मजकूर लिहून झाला की मेण तासून तेच पुन्हा वापरत. म्हणजे त्या मूळ आवाजांपैकी कितीतरी आवाज तासले गेले, आणि उरले ते कागदावरचे. असे असताना लिहिणाऱ्याचा कान चुकीचा असता तर काय झाले असते, याचा विचार करवत नाही.

त्यांच्या वादनात जे आहे तेही मला याच पाच वर्षांतून आलेले दिसते. इतर अनेक उत्तम पाइपवादकांची बोटे त्यांच्याहून जलद असतील, पण एनिस संथ चाल वाजवतात तेव्हा कडव्याच्या शेवटी गाणारा माणूस जिथे श्वास घेईल तिथे तेही थांबतात. याचे कारण, ती चाल त्यांनी कोणाच्या तरी तोंडून, शब्दांसकट ऐकलेली असते. मैफलीत चीज वाजवण्याआधी ते तिची गोष्ट सांगत. हरवलेली सोन्याची अंगठी पऱ्यांना परत केली म्हणून बक्षीस मिळालेली जिग, म्हणजे नाचाची चाल, अशी एक गोष्ट त्यांच्या नावावर इथे अजून सांगितली जाते. ते गोष्ट सांगायला लागले की वेळाचे भान राहत नसे, आणि एखाद्या तक्रारखोर श्रोत्याला ‘वाजवा आता’ असे वाटतही असेल. मला मात्र वादनाइतकेच ते सांगणेही महत्त्वाचे वाटते.

1947 मध्ये ते आयोग सोडून रेडिओ एअरन या आयर्लंडच्या राष्ट्रीय नभोवाणीत बाह्यप्रक्षेपण अधिकारी झाले, आणि सायकलच्या जागी ध्वनिमुद्रणाची गाडी आली. 1951 मध्ये अमेरिकन संग्राहक ॲलन लोमॅक्स आयर्लंडला आले तेव्हा त्यांना गावोगाव नेणारे एनिसच होते. त्याच वर्षी ते लंडनला बीबीसीत गेले. ब्रिटन आणि आयर्लंडभर फिरून लोकगीते आणि बोली ध्वनिमुद्रित करण्याच्या तिथल्या योजनेत त्यांनी काम केले, आणि रविवारी सकाळी लागणाऱ्या ‘ॲज आय रोव्ह्ड आउट’ या कार्यक्रमाने स्वयंपाकघरातली गाणी घराघरांत पोहोचवली. 1958 मध्ये बीबीसीचा करार संपला आणि त्याचे नूतनीकरण झाले नाही. तेव्हा एनिस एकोणचाळीस वर्षांचे होते. त्यानंतर चोवीस वर्षे ते जगले, आणि या चोवीस वर्षांत त्यांना पुन्हा कायमची नोकरी मिळाली नाही.

माझे म्हणणे इथेच आहे. 1958 नंतरच्या काळाला इथले लोक ‘भटकंतीची वर्षे’ म्हणतात. मैफली, रेडिओवरची तुटक कामे, मित्रांच्या घरचे मुक्काम. लग्नही टिकले नाही. ते स्वभावाने सोपे नव्हते, वेळेचे पक्के नव्हते, असे त्यांचे चाहतेही सांगतात आणि मी ते नाकारत नाही. पण हाच अवघड स्वभावाचा माणूस 1942 ते 1947 या काळात पावसापाण्यात सायकल मारत रोज वही भरत होता. मग बदलले काय? माणूस तोच होता. तीन पौंड देणारे कोणी उरले नव्हते. ज्या देशाकडे त्यांच्याइतका जाणता कान दुसरा नव्हता, त्या देशाने पुढची पिढी तयार करण्यासाठी त्यांना एखादी साधी खुर्ची दिली असती, तर कॅरॅव्हानची रम्य गोष्ट सांगायला मिळाली नसती, एवढाच तोटा झाला असता. मला कोणी म्हणेल की खुर्चीत बसवले असते तर एनिस एनिस राहिले नसते. पगारी असताना ते एनिस झाले, हे त्याला माझे उत्तर आहे.

संस्थांनी काहीच केले नाही असेही नाही. 1968 मध्ये ‘ना पीबरी इलन’ ही पाइपवादकांची संस्था स्थापन झाली. त्या वेळी पाइप वाजवणारे इतके थोडे उरले होते की वाद्यच नाहीसे होईल अशी भीती होती. एनिस त्या संस्थेचे एक आधारस्तंभ होते. 1973 पासून क्लेअर परगण्यातल्या मिलटाउन मॅलबेला पाइपवादक विली क्लॅन्सी यांच्या स्मरणार्थ उन्हाळी शाळा भरू लागली. तिथे ते शिकवत, आणि मरणाच्या वर्षीही तिथे वाजवून आले. 5 ऑक्टोबर 1982 रोजी कर्करोगाने ते गेले. 2017 मध्ये युनेस्कोने इलन पाइपवादनाचा मानवाच्या अमूर्त वारशाच्या यादीत समावेश केला, तेव्हा साऱ्या वर्तमानपत्रांत त्यांचे नाव पुन्हा आले. नॉलमध्ये त्यांच्या नावाचे कलाकेंद्र आहे, आणि तिथे बैठकी होतात.

तिथे मी गेल्या शरद ऋतूत गेलो होतो. एका तरुण मुलीने संथ चालीची एक चीज वाजवली. नॉलमधल्या आपल्या जागेला एनिस यांनी ज्या चिजेचे नाव दिले होते, तीच ही, ‘ईस्टर स्नो’. वडिलांनी गहाणवटीच्या दुकानातून आणलेला तो पाइप त्यांनी लियम ओफ्लिन यांना देऊन ठेवला होता. सत्तरच्या दशकात काही काळ दोघे एकाच घरात राहत, आणि ओफ्लिन तेव्हा ‘प्लँक्स्टी’ या वाद्यवृंदातून पाइपला नवे श्रोते मिळवून देत होते. मुलीने वाजवणे संपवले, भात्याचा पट्टा सोडला, आणि शेजारच्या माणसाने तिला विचारले की ही चाल कोणाकडून घेतली. तिने आपल्या शिक्षिकेचे नाव सांगितले, मग त्या शिक्षिकेच्या शिक्षकाचे, आणि तिसरे नाव एनिस यांचे आले.