सुपरमॅनचा आवाज कोणाचा होता?

सुपरमॅन म्हटलं की आपल्याला सिनेमे आठवतात, पण अमेरिकेत घराघरांत तो उडत आला तो रेडिओवरून, आणि तो आवाज ज्याचा होता त्याचं नाव ऐकणाऱ्या पोरांना कितीतरी वर्षं माहीतच नव्हतं, हे मला अजूनही खटकतं.

बड कॉलियर. फेब्रुवारी १९४० ला मालिका सुरू झाली आणि १९४६ पर्यंत त्याचं नाव गुप्त, का तर म्हणे पात्राभोवतीचं गूढ टिकावं. अरे पण काम काय केलंय बघा! क्लार्क केंट, म्हणजे सुपरमॅनचं चष्मेवाला साधा माणूस असलेलं रूप, असताना आवाज जरा वरच्या पट्टीत, आणि आता सुपरमॅन व्हायचं ठरलं की त्याच वाक्यात मध्येच तो खर्जात उतरायचा. चष्मा काढला, कपडे बदलले, हे रेडिओवर दाखवणार कसं, ते सगळं या माणसाने नुसत्या गळ्याने दाखवलं. १९४६ मध्ये तर याच कार्यक्रमाने एका चिनी-अमेरिकन कुटुंबाच्या मागे लागलेल्या, कू क्लक्स क्लॅनसारख्या (अमेरिकेतली गोऱ्या वर्णद्वेष्ट्यांची संघटना) टोळीविरुद्ध सोळा भागांची गोष्ट केली, तीही लहान मुलांच्या वेळेत. मला त्याचं फार कौतुक आहे. आणि तो क्रिप्टोनाइट, सुपरमॅनची शक्ती घालवणारा दगड? तोही आधी रेडिओवर आला, १९४३ ला, कॉमिकने नंतर उचलला.

मुळात ज्यांनी सुपरमॅन जन्माला घातला त्या जेरी सीगल आणि जो शुस्टर यांचं तर याहून वाईट झालं. १९३८ ला १३० डॉलरमध्ये सगळे हक्क कॉमिक छापणाऱ्या कंपनीकडे गेले, १९४७ ला कोर्टात गेले तर कॉमिकवरची नावंसुद्धा काढून टाकली. सत्तरच्या दशकात सीगल कारकुनाची नोकरी करतोय, शुस्टरची नजर जवळजवळ गेलेली, आणि तिकडे मोठ्या बजेटच्या सिनेमाची तयारी चाललेली. सही केली होती ना मग तक्रार कसली, असं म्हणणारे भेटतात, मला ते अजिबात पटत नाही. तेवीस वर्षांच्या, पैशाची चणचण असलेल्या पोरांची ती सही होती, आणि पुढे त्यावर किती कमाई होणार हे तेव्हा कुणालाच दिसत नव्हतं, पण दिसायला लागल्यावर तरी द्यायचं होतं की.

शेवटी नील अ‍ॅडम्स, जेरी रॉबिन्सन वगैरे चित्रकारांनी पेपरांतून, टीव्हीवरून आवाज उठवला तेव्हा कुठे १९७५ ला दोघांना वर्षाला वीस-वीस हजार डॉलर आणि नाव परत मिळालं. आज कॉमिकमध्ये त्या दोघांची नावं छापलेली दिसतात ना, ती कंपनीने आपणहून दिलेली नाहीत.